तीन घटका रात्र उरली होती

२०२५ च्या दिवाळीत घोटावड्यात आमच्या शेजारच्या अंगणात पोरांनी किल्ला केला. विटांच्या तुकड्यांवर गोणपाट, त्यावर कालवलेली माती लिंपलेली, उतारावर हळीव पेरलेले. चार दिवसांत डोंगर हिरवा झाला. पायथ्याशी विहीर, पेठ, नांगर धरलेला शेतकरी आणि माथ्यावर सिंहासनात महाराजांचे चित्र. इथवर सगळे दरवर्षीचेच. पण महादरवाजाच्या वर, नगारखान्याच्या जागी, कुणाचे तरी बंद पडलेले मनगटी घड्याळ पट्टा काढून चिखलात रुतवले होते. विचारले तेव्हा किल्ल्याचा मुख्य कारागीर, वय वर्षे नऊ, हातावरची माती चोळत म्हणाला, "काका, ह्यो टायमाचा गड हाय. काटा मागं फिरवला की समदे मावळे जिते व्हत्यात."

पोराने तो गड मनानेच रचला होता. मला मात्र त्याचे बोलणे सोडवेना, कारण काळावर हुकूम चालवणारा एक गड खरोखर होऊन गेला आहे आणि तो आमच्यापासून फार लांबही नाही. घोटावड्यातून पौड, मग मुळशी धरणाच्या कडेकडेने ताम्हिणी घाट उतरायचा, माणगाव गाठायचे आणि पाचाडला जाऊन मान वर करायची. सुमारे २८५० फूट उंचीचा रायगड समोर उभा असतो. त्या गडावर ज्येष्ठातल्या एका पहाटे एका माणसाने सिंहासनावर बसून वर्षांची मोजणी एकपासून सुरू केली.

याचे मोल कळायला त्याआधी आपल्या खोऱ्यात काळ कसा मोजला जात होता ते पाहावे लागते. पौड खोरे हे मावळांपैकी एक. इथल्या कुणब्याचे वर्ष आभाळातून सुरू होई. सूर्य मृग नक्षत्रात शिरला, पहिला पाऊस आला, भाताची रोपे टाकली की नवे साल लागले. बादशाही दफ्तरानेही हे ओळखले होते. हिजरी वर्ष चंद्राचे, सूर्याच्या वर्षापेक्षा दहा-अकरा दिवसांनी आखूड. त्याप्रमाणे सारा मागायचा तर काही वर्षांनी पीक शेतात उभे असतानाच वसुली दारात यायची. म्हणून चौदाव्या शतकात दख्खनेत शुहूर सन चालू झाला. तो मृगाला बदलतो, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. त्याच्या आकड्यात ५९९ किंवा ६०० मिळवले की इसवी सन निघतो.

पण हा सन आकड्यांत लिहीत नसत, अरबी शब्दांत लिहीत. इहिदे म्हणजे एक, इसन्ने दोन, सलास तीन, अर्बा चार, खमस पाच. हजाराला अलफ. महिनेही मोहरम, सफर, रबिलावल असे, आणि तारखेच्या आधी 'छ' हे अक्षर, म्हणजे चंद्र. जुन्या मराठी कागदांची सवय नसलेला माणूस पहिल्या ओळीलाच अडखळतो तो इथे. मजकूर मराठी, वतन मराठी माणसाचे, तंटा बांधावरचा, आणि काळ मात्र सुलतानाच्या जिभेवरचा. आपल्या शेताचा कागद कोणत्या साली झाला हे ज्याच्या नावे कागद आहे त्यालाच कारकुनाला विचारावे लागे. शालिवाहन शक होता, पण तो पंचांगात, लग्नाच्या मुहूर्तात, देवळाच्या शिळेवर. सत्तेच्या कागदावर सत्तेचा काळ.

आता गडावर येऊ. गड हे मुळातच वेळेचे ठिकाण असते, हे आज भर दुपारी रोपवेने वर जाताना लक्षात येत नाही. सूर्य मावळला की दरवाजे बंद, किल्ल्या हवालदाराकडे, आणि मग उजाडेपर्यंत कोणासाठीही दार उघडायचे नाही. हिरकणीची गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. दूध घालायला आलेली गवळण, मिटलेले दरवाजे, घरी तान्हे मूल, आणि रात्री उतरलेला तो कडा. गोष्ट लोकांनी सांभाळलेली आहे, तिचा कागद मागू नये. पण तिच्यात गडाचा कायदा नेमका आला आहे. दरवाजाला आई कळत नाही, त्याला फक्त वेळ कळते.

ही वेळ मोजायची कशी? घटिकापात्राने. तांब्याची एक वाटी, तिच्या बुडाला बारीक भोक. पाण्याने भरलेल्या घंगाळात ती अलगद तरंगत सोडायची. भोकातून पाणी वर येते, वाटी जड होत जाते, कडेशी पाणी आले की एक क्षण थरथरते आणि डुब्ब आवाज करून तळाला जाते. एक घटका झाली. आजची २४ मिनिटे. दिवस आणि रात्र मिळून ६० वाट्या बुडतात. एका घटकेची ६० पळे, एका पळाची ६० विपळे. आपण आजही 'घटका भरली' म्हणतो तेव्हा डोळ्यांपुढे ही वाटी असायला हवी. तिच्यापाशी बसणाऱ्याला डुलकी घेता येत नसे. एक वाटी चुकली की पुढचे सगळे गणित चुकले.

१६७४ चा ज्येष्ठ. राज्याभिषेकासाठी काशीहून गागाभट्ट आले होते. मूळचे त्यांचे घराणे पैठणचे. आधी महाराजांची मुंज झाली, पाठोपाठ राण्यांशी समंत्रक विवाह पुन्हा लावले गेले, सुवर्णतुला झाली. हे विधी किती, कोणते, यावर पुष्कळ लिहिले गेले आहे. मला थांबायचे आहे ते सिंहासनारोहणाच्या क्षणापाशी.

जेधे शकावलीत तो क्षण नोंदलेला आहे. कारीच्या जेधे देशमुखांच्या घरातली ही शकावली लोकमान्य टिळकांनी प्रसिद्ध केली. पंचांगाच्या गणितात आयुष्यभर रमलेल्या माणसाच्या हातून ती उजेडात आली, याचे मला फार समाधान वाटते. शकावली बहुतेक ठिकाणी एका वाक्यात घटना सांगून पुढे सरकते. या नोंदीत मात्र ती घटी आणि पळांपर्यंत उतरते. दिवस देते शुक्रवार, ज्येष्ठ शुद्ध द्वादशी, आणि सांगते की तीन घटका रात्र उरली असताना राजे सिंहासनी बसले. तीन घटका म्हणजे ७२ मिनिटे. सूर्योदयाला तेवढा अवकाश होता. आजच्या घड्याळात पावणेपाचच्या सुमाराची वेळ.

मग आपण सगळीकडे ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शनिवार, ६ जून असे वाचतो ते काय? दोन्ही बरोबर आहे. आपला वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्री नव्हे. त्या काळोखात इंग्रजाच्या लेखी शनिवार लागून पाच तास होत आले होते आणि गडावरच्या जोशाच्या लेखी शुक्रवार अजून संपायचा होता. तिथीचेही तसेच. सूर्योदयाला द्वादशी होती म्हणून तो दिवस द्वादशीचा, पण पहाट होण्याआधीच त्रयोदशी लागली होती. एकच क्षण, दोन वार, दोन तिथ्या. मला या नोंदीतली सगळ्यात सुंदर गोष्ट वाटते ती हीच, की राज्य सुरू झाले ते दिवसांच्या सांध्यावर.

त्या पहाटे गडावर आणखी किती काळ एकत्र जमले होते ते मोजून पाहिले आणि मी थक्क झालो. शालिवाहन शक १५९६, आनंदनाम संवत्सर. गागाभट्टांच्या काशीत विक्रम संवत १७३१. दफ्तरातल्या कारकुनाच्या लेखणीत खमस सबैन अलफ, म्हणजे शुहूर १०७५. मुसलमानी हिजरी १०८५, महिना रबिलावल. दरबारात नजराणा घेऊन आलेल्या इंग्रज वकील हेन्री ऑक्सिंडेनच्या वहीत ६ जून १६७४. आणि गडापासून समुद्राकडे काही कोसांवर, रेवदंड्याला, पोर्तुगीजांच्या भिंतीवर १६ जून १६७४.

दहा दिवसांचा हा फरक चुकीचा नाही. पोप ग्रेगरीने १५८२ मध्ये पंचांग सुधारले, तेव्हा ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर आला. कॅथलिक पोर्तुगालने ते लगेच घेतले. पोपचे काही घ्यायचे नाही म्हणून इंग्लंड १७५२ पर्यंत जुन्याच पंचांगावर राहिले. त्यामुळे १६७४ मध्ये माहीमच्या इंग्रज हद्दीतून खाडी ओलांडून पोर्तुगीज वांद्र्याला उतरलेला माणूस दहा दिवस पुढे जाई आणि संध्याकाळी परतला की दहा दिवस मागे येई. आमच्या शेजारच्या पोराच्या गडावर काटा फिरवावा लागतो, इथे नुसती होडी पुरे होती.

आणि याचा एक परिणाम आपण विसरतो. ऑक्सिंडेनची ६ जून ही जुन्या मोजणीतली. आजच्या कॅलेंडरने तो दिवस १६ जूनचा. म्हणजे राज्याभिषेक उन्हाळ्याच्या शेवटाला नाही, पुरता पावसाळा लागायच्या दिवसांत झाला. ताम्हिणीपलीकडचा जून ज्यांनी पाहिला आहे त्यांना सांगायला नको. ढग टकमक टोकावरून सरकतात, हाताच्या अंतरावरचे दिसत नाही. अशा आभाळाखाली ताऱ्यांवरून वेळ काढायची आशा नाही. तीन घटका रात्र उरली हे सांगायला घंगाळातली वाटीच हवी.

ऑक्सिंडेनने त्या सकाळी जे पाहिले ते लिहून ठेवले, म्हणून आपल्याला दिसते. सिंहासनाच्या दोन्ही बाजूंना सोन्याचे मुलामे दिलेल्या भाल्यांवर चिन्हे लावलेली. एका बाजूला मोठ्या दातांच्या माशांची सोन्याची शिरे, दुसरीकडे घोड्यांच्या शेपट्या, आणि एका उंच भाल्याच्या टोकावर न्यायाचा तराजू. बाहेर दारापाशी दोन लहान हत्ती आणि दोन पांढरे घोडे. इतक्या बिकट वाटेने हे हत्ती वर आणले कसे, याचे त्याला नवल वाटले. दुभाष्या नारायण शेणवी त्याच्याबरोबर होता. त्याने हिऱ्याची अंगठी दुरून दाखवली तेव्हा महाराजांनी त्यांना सिंहासनाच्या पायरीपर्यंत बोलावले. काही दिवसांनी इंग्रजांचा तह पुरा झाला आणि मंडळी मुंबईला उतरली. नव्या राजाचे वर्ष पहिले चालू झाले आहे, याची खूण त्याच्या वहीत नाही. त्याला ते दिसणेही कठीण होते.

कारण ती खूण कागदांवर उमटली. राज्याभिषेक शके १, आनंदनाम संवत्सर. सत्तेच्या कागदाला आता इथल्या सत्तेचा काळ मिळाला. विक्रमादित्य आणि शालिवाहन यांच्या नावांनी काळ मोजणाऱ्या या देशात, स्वतःचा शक चालू करणे ही सार्वभौम राजाची सर्वांत मोठी खूण. नाणी पाडली, होनावर आणि शिवराईवर 'श्री राजा शिव' आणि 'छत्रपति' उमटले. फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणारा राजव्यवहारकोश झाला. पण नाणे पेटीत जाते, शब्द दफ्तरात राहतो. वर्षाचा आकडा मात्र ज्याला वाचता येते त्या प्रत्येकाच्या डोळ्यांपुढे रोज येतो. दिल्लीचा बादशहा स्वतःच्या जुलूसाची, म्हणजे राज्यारोहणापासूनची, वर्षे मोजत होता. आता सह्याद्रीतल्या एका माथ्यावरून दुसरी मोजणी चालू झाली.

गडावरच्या जगदीश्वराच्या देवळात हिरोजी इंदुलकराचा शिलालेख आहे, त्यातही साल आहे, पण तिथे आकडा शोधून सापडत नाही. षट, नव, बाण, भूमी असे शब्द आहेत. षट सहा, नव नऊ, बाण मदनाचे पाच, भूमी एकच. आकडे उजवीकडून डावीकडे वाचायचे: १५९६. वर्ष असे शब्दांत विणून ठेवायची ही जुनी रीत, पाऊस आणि शेवाळ एखादा आकडा खाऊन टाकतील, अख्खा शब्द सहसा खात नाहीत. मी पहिल्यांदा तो लेख बोटाने चाचपत वाचला तेव्हा शेजारी उभ्या असलेल्या वाटाड्याने 'बाण' या शब्दावर अचूक बोट ठेवले आणि म्हणाला, "हा पाच." शाळा त्याची चौथीपर्यंत झाली होती.

सगळे इतके नेमके साधले, तरी मुहूर्तावरचा वाद संपला नाही. राज्याभिषेकानंतर अवघ्या अकरा दिवसांनी, ज्येष्ठ वद्य नवमीला, पाचाडला जिजाऊसाहेब गेल्या. त्याआधीच त्या वर्षात नेसरीला प्रतापराव गुजर पडले होते, राणी काशीबाई वारल्या होत्या. निश्चलपुरी गोसावी नावाच्या तांत्रिकाने सांगितले की गागाभट्टांनी धरलेली वेळ सदोष होती, अनेक देवतांचे पूजन राहिले. महाराजांनी त्याचे ऐकले आणि आश्विन शुद्ध पंचमीला, २४ सप्टेंबर १६७४ रोजी, तांत्रिक पद्धतीने पुन्हा अभिषेक करून घेतला. 'शिवराज्याभिषेक कल्पतरु' हा ग्रंथ या दुसऱ्या अभिषेकाचाच. काही जण याकडे अंधश्रद्धा म्हणून पाहतात, काही जण धोरण म्हणून. आई गेलेल्या माणसाने त्या पावसाळ्यात काय विचार केला असेल, हे दोन्हीत येत नाही असे मला वाटते. एक गोष्ट मात्र ध्यानात घ्यावी: शक पहिल्या अभिषेकापासूनच मोजला गेला. ज्येष्ठातली ती पहाट सदोष ठरवूनही कोणी तिला खोडले नाही.

आणि मृगसालाचे काय झाले? ते राहिले. छत्रपतींच्या काळात, पेशवाईतही, हिशेबाच्या कागदावर शुहूर सन आणि 'छ' चालूच होते. पहिल्यांदा हे कळते तेव्हा मन खट्टू होते. पण विचार केला की कळते, तो सन नावाने अरबी असला तरी चालीने पावसाचा होता. भाताचे आवण टाकणाऱ्याला तो सोयीचा होता. राजाने कागदाच्या मस्तकी आपला शक ठेवला आणि रयतेच्या पिकाचे वर्ष तिच्याकडेच राहू दिले. मला यात मोठे शहाणपण दिसते.

गड पुढे पडले. १६८९ च्या नोव्हेंबरात झुल्फिकारखानाने रायगड घेतला, त्याचे नाव इस्लामगड ठेवले. सिंहासन गेले, पण राजाराम महाराज जिंजीला पोचले आणि तिथून सुटलेल्या पत्रांवर राज्याभिषेक शक होताच. शेकडो कोस दूर, तमिळ मुलखातल्या किल्ल्यात, काळ अजून रायगडावरून मोजला जात होता. गड शत्रूकडे, आणि त्या गडाची पहाट आपल्याकडे. मग सातारा, कोल्हापूर, पेशव्यांचे पुणे. शक चालत राहिला.

मोजणी खऱ्या अर्थाने थांबली १८१८ मध्ये. आमच्या मुळशी तालुक्यातला कोरीगड त्या वर्षी कर्नल प्रॉथरने वेढला. ११ मार्चला तोफा सुरू झाल्या, १४ मार्चला एक गोळा दारूकोठारावर पडला आणि गड हाती गेला. पाठोपाठ घनगड. मग सैन्य कोकणात उतरले आणि रायगडाला भिडले. पोटल्याच्या डोंगरावरून तोफा चालल्या, आग लागली, वाडे जळाले. दुसऱ्या बाजीरावाच्या पत्नी वाराणसीबाई तेव्हा गडावर होत्या. १० मेला गड खाली झाला. या सगळ्या तारखा मी इंग्रजीत सांगतो आहे हे माझ्या लिहितानाच लक्षात आले. कोरीगड कोणत्या तिथीला पडला हे मला पंचांग मांडून काढावे लागेल.

आता दरवर्षी रायगडावर राज्याभिषेकाचा दिवस दोनदा साजरा होतो, एकदा ६ जूनला आणि एकदा तिथीने. कोणता खरा यावर दर वर्षी वाद ऐकू येतो. तिथीवाल्यांचा चंद्र बरोबर आहे, त्रयोदशीचा, पौर्णिमेला दोन दिवस उरलेला. ६ जूनवाल्यांकडे कागद आहे, त्या दिवशी गडावर हजर असलेल्या माणसाच्या हाताचा. सूर्य आणि पाऊस मात्र त्या दिवशी जिथे होते तिथे आज १६ जूनला येतात, आणि त्या दिवशी गडावर बहुधा धुके आणि पावसाची झड असते.

हे सगळे मी त्या पोराला सांगितले, त्याला कळेल अशा बेताने. वाटीचे सांगितल्यावर त्याने घरातून स्टीलची वाटी आणली. तिला भोक पाडायला आईने नाही म्हटले, तेव्हा आम्ही नारळाच्या करवंटीचा डोळा टोकरून ती बादलीत सोडली. ती तिरपी झाली आणि दोन मिनिटांत बुडाली, पण बुडताना जो आवाज झाला तो त्याला फार आवडला. पाचदा सोडली. मग बंद घड्याळाचे काटे त्याने पावणेपाचवर आणले आणि महाराजांचे चित्र सिंहासनावर नीट बसवले.

"तवा अंधारच असंल की," तो म्हणाला.

"अंधारच होता."

तो घरात गेला, एक पणती घेऊन आला आणि सिंहासनाच्या पायरीपाशी हळीव जळणार नाही अशी जागा बघून ठेवली.